परमुलखातील पंतप्रधान

विद्यार्थी मित्रांनो, पंतप्रधान म्हटले की तुमच्या डोळ्यांसमोर काय उभे राहते? राजधानी, संसद, सैन्य, खजिना आणि पाठीशी असलेला मोठा देश. पण एक पंतप्रधान असे होऊन गेले की ज्यांच्या ताब्यात स्वतःच्या देशाची हातभर जमीनही नव्हती. त्यांची राजधानी शत्रूच्या हाती होती. त्यांचे सरकार परक्या शहरात, परक्यांच्या आश्रयाने चालत असे. तरीही मोठमोठ्या राष्ट्रांच्या प्रमुखांना त्यांच्याशी बोलणी करावी लागत. त्यांचे नाव व्लादिस्लाव सिकोर्स्की. ते पोलंडचे पंतप्रधान आणि सरसेनापती होते.

अशा सरकाराला मराठीत परागंदा सरकार म्हणतात. परागंदा हा शब्द तुम्हांला नवा वाटणार नाही. तो फारसीतून उर्दूत आला, तसाच मराठीतही आला. उर्दूत त्याचा अर्थ विखुरलेला. मराठीत त्याचा अर्थ आपला मुलूख सोडून दूर गेलेला. सिकोर्स्की यांच्या बाबतीत हे दोन्ही अर्थ खरे ठरले. त्यांचे सरकार मुलूख सोडून गेले होते आणि त्यांचे लोक जगभर विखुरले होते.

सिकोर्स्की यांचा जन्म २० मे १८८१ रोजी तुशूफ नारोदोवी या लहानशा गावी झाला. त्या वेळी जगाच्या नकाशावर पोलंड हा देशच नव्हता. रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया या तीन शेजाऱ्यांनी तो अठराव्या शतकात आपापसांत वाटून घेतला होता. सिकोर्स्की यांचे गाव ऑस्ट्रियाच्या वाट्याला आले होते. त्यांचे वडील गावात शिक्षक होते. ते लवकर वारले. आईने कष्टाने मुलांना वाढवले. व्लादिस्लाव हुशार होते. ल्वूफ या शहरात राहून त्यांनी अभियांत्रिकीचे शिक्षण पूर्ण केले. ते शहर आज युक्रेनमध्ये आहे.

पण रस्ते आणि पूल बांधण्यात त्यांचे मन फार काळ रमले नाही. हरवलेला देश परत मिळवायचा, हा ध्यास त्यांना लागला होता. १९०८ साली ते पोलिश तरुणांच्या एका गुप्त लष्करी संघटनेच्या संस्थापकांपैकी एक झाले. पहिले महायुद्ध संपले आणि १९१८ साली, १२३ वर्षांनंतर, पोलंड पुन्हा स्वतंत्र झाला. लगेच दोन वर्षांत रशियाच्या लाल सेनेशी युद्ध पेटले. १९२० साली वॉर्सा या राजधानीच्या लढाईत सिकोर्स्की यांनी पाचव्या सेनेचे नेतृत्व केले आणि शत्रूला थोपवले. पुढे १९२२ च्या अखेरीस ते काही महिने पंतप्रधानही झाले.

मग त्यांचे दिवस पालटले. १९२६ साली मार्शल पिल्सुद्स्की यांनी बळाने सत्ता हाती घेतली. सिकोर्स्की यांचे त्यांच्याशी पटत नव्हते. दोन वर्षांनी त्यांना सेनापतिपदावरून दूर करण्यात आले. वयाच्या ऐन भरात हा माणूस रिकामा बसला. त्यांनी पुस्तके लिहिली. येणारे युद्ध रणगाड्यांचे आणि विमानांचे असेल, असा इशारा त्यांनी दिला. फ्रान्समध्ये जाऊन त्यांनी मित्र जोडले. हे मित्र पुढे कामी येणार होते.

१ सप्टेंबर १९३९ रोजी हिटलरच्या जर्मनीने पोलंडवर हल्ला केला. दुसरे महायुद्ध सुरू झाले. सिकोर्स्की यांनी लढण्यासाठी एखादी तुकडी मागितली. जुने वैर आड आले आणि ती त्यांना मिळाली नाही. १७ सप्टेंबरला पूर्वेकडून सोव्हिएट सैन्य पोलंडमध्ये शिरले. जर्मनी आणि सोव्हिएट संघ यांनी २३ ऑगस्टलाच करार करून, त्यातील गुप्त कलमाने पोलंडची वाटणी ठरवून ठेवली होती. दोन जात्यांमध्ये सापडलेला पोलंड काही आठवड्यांत भरडून निघाला.

देश पडला, पण पोलंडने शरणागतीच्या कागदावर सही केली नाही. पोलंडच्या राज्यघटनेत युद्धकाळासाठी एक तरतूद होती. राष्ट्राध्यक्षाला आपला वारस नेमता येत असे. त्या तरतुदीने फ्रान्समध्ये असलेले राच्केविच राष्ट्राध्यक्ष झाले. ३० सप्टेंबर १९३९ रोजी त्यांनी सिकोर्स्की यांना पंतप्रधान नेमले. नोव्हेंबरमध्ये सिकोर्स्की सरसेनापतीही झाले. ब्रिटन, फ्रान्स आणि अमेरिका यांनी या सरकाराला मान्यता दिली. म्हणजे जमीन गेली होती, पण कायद्याने पोलंड जिवंत होता.

आता विचार करा, ज्याच्याजवळ जमीन नाही, खजिना नाही, त्याने बलाढ्य मित्रांशी कशाच्या जोरावर बोलायचे? सिकोर्स्की यांनी ते ओळखले होते. जो लढतो, त्यालाच मानाने बसायला जागा मिळते. म्हणून त्यांनी आधी सैन्य उभारले. फ्रान्समध्ये हजारो पोलिश सैनिक गोळा झाले. पण जून १९४० मध्ये फ्रान्सही पडला. सिकोर्स्की विमानाने लंडनला गेले आणि ब्रिटनचे पंतप्रधान चर्चिल यांना भेटले. त्यांनी एकच गोष्ट विचारली. पोलंड लढत राहणार आहे, ब्रिटन लढणार आहे काय? चर्चिल यांनी होकार दिला. वीस हजारांहून अधिक पोलिश सैनिकांना जहाजांतून ब्रिटनमध्ये आणण्यात आले. ५ ऑगस्ट १९४० रोजी दोन्ही सरकारांमध्ये लष्करी करार झाला.

त्याच उन्हाळ्यात जर्मन विमानांनी ब्रिटनवर बाँबचा वर्षाव सुरू केला. ब्रिटनच्या आकाशातील या लढाईत १४५ पोलिश वैमानिक लढले. त्यांच्या शौर्याने लंडनमध्ये सिकोर्स्की यांच्या शब्दाला वजन आले.

आता आपण या चरित्रातील सर्वांत अवघड प्रसंगाकडे येऊ. २२ जून १९४१ रोजी हिटलरने आपला करार मोडला आणि सोव्हिएट संघावरच हल्ला केला. एका दिवसात सगळा डाव उलटला. कालपर्यंत पोलंडचा लचका तोडणारा सोव्हिएट संघ आता ब्रिटनचा मित्र झाला. साहजिकच चर्चिल यांना वाटू लागले की पोलंडनेही त्याच्याशी समेट करावा.

पण समेट कसा करायचा? सोव्हिएट संघाने पोलंडचा जवळजवळ अर्धा मुलूख घेतला होता. तिथल्या लाखो पोलिश नागरिकांना मालगाड्यांत कोंबून सायबेरियात आणि कझाकस्तानात पाठवले होते. त्यांत म्हातारी माणसे होती, बायका होत्या, तुमच्या वयाची मुलेही होती. थंडीने, उपासमारीने आणि रोगराईने ती मरत होती. हजारो सैनिक कैदेत होते.

सिकोर्स्की यांच्यापुढे दोन वाटा होत्या. पहिली वाट अशी, की सोव्हिएट संघ जुनी सरहद्द स्पष्ट शब्दांत मान्य करीपर्यंत सही करायची नाही. ही वाट मानाची होती, पण तोवर किती माणसे जगली असती? दुसरी वाट अशी, की सरहद्दीचा प्रश्न तूर्त पुढे ढकलायचा आणि आधी माणसांना सोडवायचे. ही वाट धोक्याची होती. आज पुढे ढकललेला प्रश्न उद्या आपल्याच विरुद्ध सुटला तर?

लंडनमध्ये आठवडाभर नव्हे, जवळजवळ महिनाभर वाटाघाटी चालल्या. सोव्हिएट राजदूत मायस्की एका बाजूला, सिकोर्स्की दुसऱ्या बाजूला आणि मध्ये ब्रिटनचे परराष्ट्रमंत्री ईडन. ब्रिटनला घाई होती. सिकोर्स्की यांच्या स्वतःच्या मंत्रिमंडळात फूट पडली. परराष्ट्रमंत्री झालेस्की यांच्यासह तीन मंत्र्यांनी राजीनामे दिले. राष्ट्राध्यक्षांनीही या कराराला संमती दिली नाही. तरीही ३० जुलै १९४१ रोजी सिकोर्स्की यांनी सही केली. चर्चिल आणि ईडन त्या वेळी हजर होते.

या करारात काय होते? १९३९ साली जर्मनीशी केलेले पोलंडच्या वाटणीचे करार आता रद्द झाले आहेत, असे सोव्हिएट संघाने मान्य केले. मात्र नवी सरहद्द कोणती, हे लिहिले नाही. दोन्ही देशांचे राजदूत पुन्हा नेमले जाणार होते. सोव्हिएट भूमीवर पोलिश सैन्य उभे राहणार होते. आणि सर्व पोलिश कैद्यांना माफी मिळणार होती. माफी हा शब्द पोलिश लोकांना फार झोंबला. ज्यांनी गुन्हाच केला नाही, त्यांना माफी कसली? पण सिकोर्स्की यांनी तो कडू घोट गिळला. त्या एका शब्दाने तुरुंगांची आणि छावण्यांची दारे उघडणार होती.

दारे उघडली. मॉस्कोच्या तुरुंगातून सुटलेले जनरल अँडर्स नव्या सैन्याचे प्रमुख झाले. बातमी जशी पसरली, तशी माणसे उत्तरेच्या बर्फातून दक्षिणेकडे निघाली. कोणी रेल्वेने, कोणी होडीने, कोणी पायी. अंगावर चिंध्या होत्या, पायांना फडकी बांधली होती. पुष्कळांनी वाटेतच प्राण सोडले. जे पोहोचले, ते सैन्याच्या तळाभोवती जमू लागले.

पण एक गोष्ट सर्वांच्या मनात सलत होती. हजारो पोलिश अधिकारी १९३९ साली सोव्हिएट कैदेत गेले होते. १९४० च्या वसंत ऋतूपर्यंत त्यांची घरी पत्रे येत होती. मग ती एकाएकी थांबली. ते अधिकारी सैन्यात दाखल होण्यासाठी आलेच नाहीत.

डिसेंबर १९४१ मध्ये सिकोर्स्की स्वतः मॉस्कोला गेले. जर्मन सैन्य शहराच्या अगदी जवळ आले होते. ३ डिसेंबर रोजी क्रेमलिनमध्ये त्यांची आणि स्टालिन यांची भेट झाली. सिकोर्स्की यांनी हरवलेल्या अधिकाऱ्यांपैकी जवळपास चार हजार जणांची यादी पुढे ठेवली. स्टालिन यांनी सांगितले की ते पळून गेले असावेत, कदाचित मांचुरियात गेले असतील. सिकोर्स्की यांना हे पटण्यासारखे नव्हते. पण त्यांच्यापाशी पुरावा नव्हता. स्टालिन यांनी सरहद्दीचा विषयही काढला आणि थोडीफार देवघेव सुचवली. सिकोर्स्की यांनी ती बोलणी करण्यास नकार दिला. देशाची सरहद्द परदेशात बसून एकट्याने बदलण्याचा आपल्याला अधिकार नाही, अशी त्यांची भूमिका होती. माणसांसाठी त्यांनी तडजोड केली होती, पण जमीन लिहून दिली नव्हती.

सिकोर्स्की यांची इच्छा होती की पोलिश सैन्याने लाल सेनेच्या बरोबरीने लढत पोलंडमध्ये शिरावे. तसे घडले नाही. सैन्याला मिळणारा शिधा कमी करण्यात आला. सैनिक आपल्या घासातला घास भोवतीच्या बायकामुलांना देत होते. शेवटी सैन्य इराणला हलवण्याचे ठरले. १९४२ च्या मार्च-एप्रिलमध्ये आणि पुन्हा ऑगस्टमध्ये जहाजे कॅस्पियन समुद्र ओलांडून इराणच्या पहलवी बंदराला लागली. सुमारे १ लाख १५ हजार माणसे अशी बाहेर पडली. त्यांपैकी एक तृतीयांश सैनिक नव्हती. त्यांत हजारो मुले होती आणि कित्येकांचे आईबाप मागे बर्फात राहिले होते.

त्या काळात सिकोर्स्की तीन वेळा अमेरिकेला गेले. राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्याशी बोलून त्यांनी एकच गोष्ट लावून धरली. युद्ध चालू असताना पोलंडच्या सरहद्दीचा सौदा होऊ नये. २६ मे १९४२ रोजी ब्रिटन आणि सोव्हिएट संघ यांच्यात तह झाला. त्यात सरहद्दीचे कलम नव्हते. अमेरिकेचा विरोध त्याला कारण होता. तेवढ्यापुरते सिकोर्स्की यांना यश आले.

त्यांच्या सरकाराने आणखी एक मोठे काम केले. जर्मनांच्या ताब्यातील पोलंडमध्ये ज्यू लोकांची सरसकट कत्तल चालली होती. यान कार्स्की नावाचा एक धाडसी तरुण जीव धोक्यात घालून ही हकीकत घेऊन लंडनला आला. १० डिसेंबर १९४२ रोजी पोलिश सरकाराने मित्रराष्ट्रांच्या सरकारांना खलिता पाठवून ही कत्तल जगापुढे मांडली. आठवडाभरात मित्रराष्ट्रांनी तिचा जाहीर निषेध केला. कत्तल मात्र थांबली नाही. सत्य सांगणे परागंदा सरकाराच्या हाती होते, सैन्य पाठवणे नव्हते.

सत्याची खरी परीक्षा अजून व्हायची होती. १३ एप्रिल १९४३ रोजी बर्लिन रेडिओने बातमी दिली की रशियातील कातिनच्या जंगलात हजारो पोलिश अधिकाऱ्यांची प्रेते सामुदायिक कबरींत सापडली आहेत. सोव्हिएट पोलिसांनी १९४० साली त्यांना ठार केले, असे जर्मनांचे म्हणणे होते. सोव्हिएट संघाने हे काम जर्मनांचेच आहे, असे उत्तर दिले.

सिकोर्स्की पेचात पडले. बातमी देणारा शत्रू होता आणि आरोप मित्रराष्ट्रावर होता. चर्चिल यांनी सल्ला दिला की मेलेली माणसे परत येणार नाहीत, हा विषय वाढवू नये. दुसरीकडे लंडनपासून इराकपर्यंत पसरलेल्या पोलिश सैनिकांना आपल्या सोबत्यांचे काय झाले, ते हवे होते. मेलेल्यांच्या बायका आणि मुले वाट पाहत होती. १७ एप्रिल रोजी पोलिश सरकाराने आंतरराष्ट्रीय रेडक्रॉसला चौकशीची विनंती केली. त्याच वेळी जर्मनांनीही तशीच विनंती केली. सोव्हिएट संघाला निमित्तच हवे होते. पोलिश सरकार हिटलरला सामील आहे, असा आरोप करून स्टालिन यांनी २५ एप्रिल रोजी संबंध तोडले. महत्प्रयासाने जुळवलेला धागा तुटला. ब्रिटन आणि अमेरिका यांना लाल सेनेची गरज होती. ते गप्प राहिले.

खरे काय होते, हे कळायला बराच काळ जावा लागला. १९९० साली सोव्हिएट सरकाराने ही हत्या आपल्याच पोलिसांनी केल्याचे कबूल केले. १९९२ साली तिच्या हुकुमाचे कागद उजेडात आले. कातिन आणि इतर ठिकाणी मिळून सुमारे २२ हजार पोलिश कैद्यांना १९४० साली मारण्यात आले होते. म्हणजे सिकोर्स्की क्रेमलिनमध्ये यादी पुढे ठेवत होते, तेव्हा त्या यादीतील माणसे केव्हाच मातीखाली गेली होती.

संबंध तुटल्यावर पोलिश सैन्यात खळबळ माजली. सैनिकांना धीर देण्यासाठी सिकोर्स्की मे १९४३ च्या अखेरीस मध्यपूर्वेला गेले. परतताना ते जिब्राल्टरला थांबले. ४ जुलै १९४३ च्या रात्री त्यांचे विमान आकाशात झेपावले आणि काही क्षणांतच समुद्रात कोसळले. सिकोर्स्की ६२ वर्षांचे होते. त्यांची कन्या झोफिया त्यांच्या सोबत होती. तिचा देहसुद्धा सापडला नाही. फक्त विमानचालक वाचला. हा घातपात असावा, असा संशय पुष्कळांना आला आणि आजही त्यावर वाद होतात. पण ब्रिटिश चौकशीत घातपाताचा पुरावा मिळाला नाही. २००८ साली त्यांच्या देहाची तपासणी झाली, तेव्हाही जखमा अपघाताच्याच असल्याचे दिसले.

सिकोर्स्की यांना इंग्लंडमधील न्यूअर्क येथे, पोलिश वैमानिकांच्या शेजारी दफन करण्यात आले. त्यांच्यामागे पोलंडची बाजू दुबळी पडली. तेहरान आणि याल्टा येथील परिषदांत तीन बड्या नेत्यांनी पोलंडची पूर्व सरहद्द ठरवली. तिथे परागंदा सरकाराचा एकही माणूस नव्हता. ५ जुलै १९४५ रोजी ब्रिटन आणि अमेरिका यांनी या सरकाराची मान्यता काढून घेतली. तरीही लंडनमधील त्या छोट्या सरकाराने दिवा विझू दिला नाही. डिसेंबर १९९० मध्ये, पोलंडमध्ये लोकांनी निवडलेला राष्ट्राध्यक्ष आल्यावर, त्याने आपली राजचिन्हे त्याच्या स्वाधीन केली. १९९३ साली सिकोर्स्की यांचा देह मायदेशी नेऊन क्राकूफच्या वावेल येथे, पोलंडच्या राजांच्या सान्निध्यात ठेवण्यात आला.

मित्रांनो, या कथेचा एक धागा आपल्या महाराष्ट्रापर्यंत येतो. इराणला पोहोचलेल्या त्या लोकांपैकी काही हजार जणांना हिंदुस्थानात आसरा मिळाला. कोल्हापूरजवळ वळिवडे येथे १९४३ साली त्यांच्यासाठी वसाहत उभी राहिली. तिथे सुमारे पाच हजार पोलिश माणसे राहत. बहुतेक बायका आणि मुले होती. त्यांच्या शाळा होत्या, प्रार्थनामंदिर होते, दुकाने होती. वसाहतीचा खर्च लंडनमधील पोलिश सरकार करीत असे. १९४८ साली ती वसाहत बंद झाली. पुढे त्याच जागी फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांनी आपले संसार मांडले.

सिकोर्स्की यांना आपण यशस्वी म्हणायचे की अयशस्वी? त्यांची सरहद्द गेली, त्यांच्या अधिकाऱ्यांचे प्राण त्यांना वाचवता आले नाहीत, त्यांचे मित्र ऐन वेळी मागे हटले. ज्या मंत्र्यांनी राजीनामे दिले, त्यांची भीतीही पुढे खरी ठरली. पण ३० जुलै १९४१ ची ती सही झाली नसती, तर सायबेरियातील मुले वळिवड्याच्या शाळेत कशी पोहोचली असती? तुम्ही त्या दिवशी त्यांच्या जागी असता, तर सही केली असती का? उत्तर देण्याची घाई करू नका. दोन्ही बाजू नीट तोलून पाहा, मग वर्गात आपले मत मांडा.